दवाखाना ते क्रीडासंकुल : मधला दुवा कुठे आहे?

पॅरिस येथे २०२४ मध्ये झालेल्या पॅरालिम्पिक स्पर्धेत भारताने सात सुवर्णांसह एकूण २९ पदके मिळविली. त्या आनंदात पदकाविना परतलेल्या खेळाडूंची नावे मागे पडली, हे स्वाभाविकच होते. महिलांच्या शक्तितोलनात ४५ किलो वजनगटात ८६ किलो वजन उचलून सातव्या आलेल्या सकिना खातून हिचे नाव त्यांपैकीच एक. पश्चिम बंगालमधील उत्तर २४ परगणा जिल्ह्यातील बसीरहाटच्या या मुलीची कारकीर्द तोवर चौदा वर्षांची झाली होती. पॅरालिम्पिकमध्ये शक्तितोलनात उतरलेली ती पहिली भारतीय महिला. तरीही तिचा सातवा क्रमांक बहुतेक ठिकाणी निकालाच्या एका ओळीत संपला.

बंगालमधील एका खेळाडूच्या सातव्या क्रमांकाशी पुणे जिल्ह्यातील बारामती आणि इंदापूर या तालुक्यांचा काय संबंध, असे कोणी विचारील. संबंध आहे तो एका प्रश्नाचा. पायांत बळ नसलेली ग्रामीण भागातील एक मुलगी दवाखान्यातून बाहेर पडते तेथपासून आंतरराष्ट्रीय स्पर्धेच्या मंचापर्यंत कशी पोहोचते? त्या वाटेवर कोण भेटावे लागते आणि ते भेटले नाही तर काय होते? कालवे, साखर कारखाने, औद्योगिक वसाहत, महाविद्यालये आणि राजकीय वजन या सर्वच बाबतींत महाराष्ट्रातील ग्रामीण भागात आघाडीवर मानल्या गेलेल्या या दोन तालुक्यांना हा प्रश्न लावून पाहिला, तर उत्तर राज्यभरासाठी बोलके ठरते. येथे ही वाट तयार होणार नसेल, तर जेथे साधा रस्ताही धड नाही अशा तालुक्यांकडून कसली अपेक्षा करायची?

खेळ कोणता, कस कशाचा?

शक्तितोलन अर्थात पॉवरलिफ्टिंग म्हटले की बैठक, बेंच प्रेस आणि डेडलिफ्ट असे तीन प्रकार व्यायामशाळेत जाणाऱ्यांना आठवतात. दिव्यांगांच्या शक्तितोलनात यांपैकी फक्त बेंच प्रेस असतो. खेळाडू २.१ मीटर लांबीच्या बेंचवर उताणा झोपतो. बेंचचा मुख्य भाग ६१ सेंटिमीटर रुंद असून डोक्याच्या बाजूला तो ३० सेंटिमीटरपर्यंत निमुळता होतो. नेहमीच्या बेंच प्रेसमध्ये पाय जमिनीवर रोवून जो आधार घेतला जातो, तो येथे नाही. पाय बेंचवरच सरळ पसरलेले असतात आणि शरीर घसरू नये म्हणून ते पट्ट्याने बांधण्याची मुभा असते. म्हणजे वजनाचा सगळा भार खांदे, छाती आणि दंड यांच्यावर येतो.

नाव पुकारल्यानंतर दोन मिनिटांच्या आत प्रयत्न सुरू करावा लागतो. बार छातीपर्यंत आणायचा, तेथे तो क्षणभर पूर्ण स्थिर धरायचा आणि मग दोन्ही हात समान गतीने वर नेत कोपरे ताठ करायची. तीन पंच पाहत असतात आणि किमान दोघांनी पांढरा दिवा दिला तरच प्रयत्न ग्राह्य धरला जातो. बार छातीवर स्थिर झाला नाही, एक हात दुसऱ्याच्या आधी वर गेला किंवा वर जाताना बार खाली कलला तर उचललेले वजन वाया जाते. प्रयत्न तीनच. त्यामुळे पहिल्या प्रयत्नाला किती वजन मागायचे, हाही कौशल्याचा भाग ठरतो.

या खेळाचे आणखी एक वैशिष्ट्य आहे. धावणे, पोहणे वा फेकीच्या प्रकारांत अपंगत्वाच्या स्वरूपानुसार अनेक वर्ग पाडावे लागतात. येथे पायांशी किंवा कमरेशी निगडित पात्र अपंगत्व असलेले सर्व खेळाडू एकाच वर्गात खेळतात आणि विभागणी होते ती केवळ शरीराच्या वजनानुसार. टोकियो आणि पॅरिस येथे पुरुषांसाठी दहा आणि महिलांसाठी दहा वजनगट होते. पुरुषांचे शक्तितोलन पॅरालिम्पिकमध्ये १९८४ पासून आहे, महिलांना मात्र २००० च्या सिडनी स्पर्धेपर्यंत वाट पाहावी लागली. त्यानंतर नायजेरिया, चीन, इजिप्त या देशांतील महिलांनी हा खेळ कुठल्या कुठे नेऊन ठेवला. नायजेरियाच्या ल्युसी एजिके हिने २००४, २००८ आणि २०१६ मध्ये सुवर्णपदके जिंकली आणि टोकियोतही कांस्य मिळविले. तिच्याच देशाच्या फोलाशादे ओलुवाफेमिआयो हिने पॅरिसमध्ये ८६ किलो गटात १६७ किलो वजन उचलले. नायजेरिया हा काही श्रीमंत देश नव्हे. दिव्यांग महिलांच्या क्रीडायशासाठी आधी देश समृद्ध व्हावा लागतो, ही समजूत या एका उदाहरणानेच मोडीत निघते.

चौदा वर्षांचा हिशेब

सकिनाला लहानपणी पोलिओ झाला. पायांवर शस्त्रक्रिया झाल्या आणि उपचाराचा भाग म्हणून तिला पोहण्याचा सल्ला मिळाला. पाण्यात उतरलेली मुलगी स्पर्धात्मक जलतरणात रमली. २०१० मध्ये ती शक्तितोलनाकडे वळली आणि पुढे बंगळुरू येथे फर्मान बाशा यांच्या मार्गदर्शनाखाली तिचा सराव सुरू झाला. बाशा स्वतः या खेळात भारताचे प्रतिनिधित्व केलेले अर्जुन पुरस्कारविजेते खेळाडू. बसीरहाट ते बंगळुरू हे अंतर आणि डॉक्टरांचा सल्ला ते राष्ट्रीय संघ हे अंतर, ही दोन्ही तिने पार केली ती वाटेत योग्य माणसे भेटत गेली म्हणून.

२०१४ च्या ग्लासगो राष्ट्रकुल स्पर्धेत तिने लाइटवेट गटात ८८.२ गुणांसह कांस्यपदक जिंकले. राष्ट्रकुल स्पर्धेत पदक मिळविणारी पहिली भारतीय दिव्यांग महिला म्हणून तिची नोंद झाली. पुढच्याच वर्षी, २०१५ मध्ये, आंतरराष्ट्रीय पॅरालिम्पिक समितीने भारतीय पॅरालिम्पिक समितीला निलंबित केले. हे निलंबन २०१६ मध्ये उठले. अशा काळात देशातील सर्वच दिव्यांग खेळाडूंच्या डोक्यावर अनिश्चिततेची टांगती तलवार राहिली. २०१६ च्या रिओ पॅरालिम्पिकमध्ये शक्तितोलनात भारतीय महिला नव्हती. २०१८ मध्ये जकार्ता येथील आशियाई पॅरा क्रीडा स्पर्धेत सकिनाने रौप्यपदक मिळविले आणि २०२१ मध्ये टोकियोत ती प्रथमच पॅरालिम्पिकच्या मंचावर आली. तेथे ५० किलो गटात ९३ किलो वजन उचलून ती पाचवी आली.

टोकियोच्या त्या गटात चीनची हू दानदान आणि इजिप्तची रिहाब अहमद या दोघींनी १२० किलो वजन उचलले, तर कांस्यपदक मिळविणाऱ्या ब्रिटनच्या ऑलिव्हिया ब्रूमने १०७ किलो. सकिना आणि कांस्यपदक यांच्यात १४ किलोंचे अंतर होते. ज्या खेळात प्रगती एकेका किलोने मोजली जाते, तेथे १४ किलो म्हणजे काही वर्षांचा सुनियोजित सराव. हे अंतर जिद्दीच्या अभावाचे नाही. खेळाडू कोणत्या वयात खेळात आला, त्याला किती लवकर प्रशिक्षक मिळाला आणि दरवर्षी किती स्पर्धा मिळाल्या, याचे ते अंतर आहे.

पॅरिसमध्ये ती ४५ किलो गटात उतरली आणि तिने ८६ किलो उचलले. टोकियोच्या ९३ किलोंशी तुलना केली तर ही घसरण वाटते. परंतु वजनगटाच्या मर्यादेशी प्रमाण काढले तर टोकियोत ते सुमारे १.८६ पट होते आणि पॅरिसमध्ये १.९१ पट. पस्तिसाव्या वर्षी, पाच किलोंनी खालच्या गटात येऊन, तिने आपली ताकद राखली होती. क्रमांक पाचवरून सातवर गेला याचे कारण जग अधिक वेगाने पुढे गेले.

भारतीय महिलांची फळीही दरम्यान वाढली. २०२२ च्या बर्मिंगहॅम राष्ट्रकुल स्पर्धेत मनप्रीत कौर चौथी आणि सकिना पाचवी आली. त्याच स्पर्धेत पुरुषांमध्ये सुधीरने २१२ किलो उचलून भारताला या खेळातील राष्ट्रकुलचे पहिले सुवर्ण मिळवून दिले. २०२३ मध्ये हांगझो येथे झालेल्या आशियाई पॅरा क्रीडा स्पर्धेत ६१ किलो गटात झैनब खातूनने रौप्य आणि राजकुमारीने कांस्य जिंकले. पॅरिसमध्ये सकिनाबरोबर तमिळनाडूची कस्तुरी राजमणीही ६७ किलो गटात होती. म्हणजे वाट पडू लागली आहे. पण ती गावापासून सुरू होते की गाव सोडून गेल्यानंतर, हा प्रश्न उरतोच.

पोलिओनंतरची पिढी

भारतीय दिव्यांग क्रीडापटूंच्या मागच्या पिढीत पोलिओग्रस्तांचे प्रमाण लक्षणीय होते. सकिनाही त्याच पिढीची. देशातील पोलिओचा शेवटचा नैसर्गिक रुग्ण जानेवारी २०११ मध्ये तिच्याच राज्यातील हावडा जिल्ह्यात आढळला आणि मार्च २०१४ मध्ये भारताला पोलिओमुक्तीचे प्रमाणपत्र मिळाले. सार्वजनिक आरोग्याच्या इतिहासातील ही थोर कामगिरी आहे. मात्र तिचा एक परिणाम क्रीडाक्षेत्राने अद्याप पुरेसा ओळखलेला नाही. पोलिओग्रस्त मूल आपल्या शरीराशी जुळवून घेतच वाढते. शाळेच्या वयातच कुबड्या आणि खुर्ची ढकलून त्याचे खांदे भक्कम होतात. यापुढे मात्र जन्मजात व्याधींखेरीज पाय गमावलेले किंवा कंबरेखालचा भाग लुळा पडलेले खेळाडू मोठ्या संख्येने येतील ते अपघातांतून. तेही विशी-तिशीत, म्हणजे शिक्षण, नोकरी, लग्न, मुले असे सारे काही चालू असताना.

बारामती आणि इंदापूरच्या दृष्टीने हा तपशील महत्त्वाचा आहे. माळेगाव, सोमेश्वर, भवानीनगरचा छत्रपती, बिजवडीचा कर्मयोगी, शहाजीनगरचा नीरा-भीमा असे कारखाने गळीत हंगामात चालू झाले की दोन्ही तालुक्यांचे रस्ते उसाच्या दुहेरी ट्रॉल्यांनी भरून जातात. पुणे-सोलापूर महामार्ग भिगवण आणि इंदापूरवरून जातो. शेतातील यंत्रे, विहिरीचे काम, झाडावरून वा ट्रॉलीवरून पडणे, दुचाकीचे अपघात हे सर्व येथील जीवनाचे भाग आहेत. कडबाकुट्टीच्या यंत्रात हात जातो, तर ट्रॉलीखाली पाय. हात गमावलेल्याला शक्तितोलन खेळता येत नाही, पण धावणे वा गोळाफेक खुली असते. पाय वा कमरेची शक्ती गमावलेल्यापुढे शक्तितोलनाचा मार्ग असतो. प्रश्न इतकाच, की हे त्या रुग्णाला कोण सांगणार?

खडकीला जे जमले

उपचार आणि खेळ यांची सांगड घालण्याची कल्पना नवी नाही. आजची पॅरालिम्पिक चळवळच रुग्णालयाच्या आवारात जन्मली. इंग्लंडमधील स्टोक मँडेव्हिल रुग्णालयात डॉ. लुडविग गुटमान यांनी जुलै १९४८ मध्ये मज्जारज्जूच्या दुखापतीने जायबंदी झालेल्यांसाठी तिरंदाजीची स्पर्धा भरविली. त्या पहिल्या स्पर्धेतील १६ जणांमध्ये दोन महिला होत्या.

महाराष्ट्राला तर याचा धडा घरातच मिळालेला आहे. सांगली जिल्ह्यातील पेठ इस्लामपूरचे मुरलीकांत पेटकर हे लष्करातील मुष्टियोद्धे. १९६५ च्या युद्धात गोळ्या लागून ते जायबंदी झाले. उपचाराचा भाग म्हणून ते पोहू लागले आणि १९७२ मध्ये हायडलबर्ग येथे ५० मीटर जलतरणात त्यांनी भारताला पॅरालिम्पिकचे पहिले सुवर्णपदक मिळवून दिले. पुढे १९७४ मध्ये खडकी येथे मज्जारज्जूची दुखापत झालेल्या जवानांसाठी पुनर्वसन केंद्र उभे राहिले. लष्कराचे कृत्रिम अवयव केंद्र पुण्यात त्याही आधीपासून आहे, आणि दिव्यांग जवानांच्या क्रीडाप्रशिक्षणाची स्वतंत्र व्यवस्थाही खडकीत आहे.

या साखळीचे फळ पॅरिसमध्ये दिसले. नागालँडचा होकातो सेमा याने २००२ मध्ये भूसुरुंगाच्या स्फोटात पाय गमावला. पुण्याच्या कृत्रिम अवयव केंद्रात असताना त्याला गोळाफेकीकडे वळविण्यात आले आणि वयाच्या चाळिसाव्या वर्षी त्याने पॅरालिम्पिकचे कांस्यपदक जिंकले. रुग्णाला पाहणारा डॉक्टर, कृत्रिम पाय बसविणारा तंत्रज्ञ आणि मैदानावरचा प्रशिक्षक हे तिघे एकाच व्यवस्थेत असले की काय घडते, याचे हे उदाहरण आहे. ही व्यवस्था ज्या जिल्ह्यात आहे, त्याच जिल्ह्यात शंभर-सव्वाशे किलोमीटरवर बारामती आणि इंदापूर आहेत. फरक हाच, की ती व्यवस्था गणवेशातील माणसासाठी उभी राहिली. शेतमजुराच्या मुलीसाठी तशी साखळी नाही.

साखळी नसली की काय होते, हे नांदेड जिल्ह्यातील भाग्यश्री जाधव हिच्या कारकिर्दीतून कळते. २००६ मध्ये तिच्या दोन्ही पायांतील शक्ती गेली. पुण्यातील एका स्पर्धेतून ती मैदानात आली तेव्हा २०१७ साल उजाडले होते. त्यानंतर तिने वेळ दवडला नाही. टोकियो पॅरालिम्पिकमध्ये ती गोळाफेकीत खेळली, हांगझोत तिने रौप्य जिंकले, पॅरिसच्या उद्घाटन सोहळ्यात सुमित अंतिलबरोबर तिने भारताचा ध्वज धरला आणि तेथे ती पाचवी आली. तिचे हे यश जितके कौतुकाचे, तितकीच मधली अकरा वर्षे विचार करायला लावणारी आहेत. ज्यांची अकरा वर्षे संपतच नाहीत अशा मुलींची नोंद कुठल्याही निकालपत्रकात नसते.

सर्व काही आहे, पण सुटे सुटे

बारामती आणि इंदापूरमध्ये काय आहे, याची यादी केली तर ती लांबते. बारामतीत उपजिल्हा रुग्णालय आहे, २०१९ पासून शासकीय वैद्यकीय महाविद्यालय आहे, रणजी सामने झालेले क्रिकेटचे मैदान आहे. तालुका क्रीडासंकुलांची राज्याची योजना दोन दशकांहून जुनी. कुस्तीची परंपरा गावोगावच्या तालमींत जिवंत आहे, म्हणजे बळ कमावण्याची भाषा येथील घराघरांत समजते. क्रीडासत्तेचीही वाण नाही. बारामतीचे शरद पवार यांनी भारतीय क्रिकेट नियामक मंडळाचे आणि पुढे २०१० ते २०१२ या काळात आंतरराष्ट्रीय क्रिकेट परिषदेचे अध्यक्षपद भूषविले. इंदापूरचे आमदार दत्तात्रय भरणे यांच्याकडे डिसेंबर २०२४ ते जुलै २०२५ या काळात राज्याचे क्रीडा खाते होते.

कायदाही आहे. दिव्यांग हक्क कायदा २०१६ मध्ये संमत झाला आणि एप्रिल २०१७ पासून अमलात आला. त्याच्या तिसाव्या कलमात दिव्यांगांच्या क्रीडासहभागासाठी शासनाने उपाययोजना करावी आणि क्रीडासुविधा त्यांना वापरता येतील अशा कराव्यात, असे म्हटले आहे. महाराष्ट्राने डिसेंबर २०२२ मध्ये दिव्यांग कल्याणासाठी स्वतंत्र विभाग स्थापन केला. जिल्हा परिषदा, नगरपरिषदा आणि ग्रामपंचायतींनी स्वउत्पन्नाच्या पाच टक्के रक्कम दिव्यांगांसाठी खर्च करावयाची आहे. २०११ च्या जनगणनेनुसार राज्यात २९ लाख ६३ हजारांहून अधिक दिव्यांग होते. कायदा, विभाग आणि निधी ही त्रिसूत्री कागदावर पूर्ण आहे.

उणीव आहे ती जोडणीची. पायांना बळ नसलेली प्रत्येक व्यक्ती एका टेबलासमोरून जातेच जाते, आणि ते म्हणजे दिव्यांगत्वाच्या प्रमाणपत्राचे टेबल. तेथे वैद्यकीय मंडळ टक्केवारी ठरवते. त्या टक्केवारीवर बसची सवलत, निवृत्तिवेतन आणि नोकरीतील आरक्षण अवलंबून असते, म्हणून तिचे महत्त्व मोठे. पण हे टेबल शरीरातून काय गेले एवढेच मोजते. काय उरले आहे आणि त्याचे काय करता येईल, हे तेथे विचारले जात नाही. क्रीडा खात्याचा माणूस त्या टेबलाजवळ नसतो, आणि क्रीडासंकुलात वैद्यकीय मंडळाची यादी नसते. एकाच तालुक्यात, एकाच शासनाच्या दोन खात्यांमध्ये, दोन इमारतींचे अंतर वर्षानुवर्षे पार होत नाही.

मदतीचे आपले चित्रही याच अपुऱ्या समजुतीवर उभे आहे. तीनचाकी सायकली, कुबड्या आणि श्रवणयंत्रे यांच्या वाटपाची शिबिरे या भागात होतात आणि त्यांची गरज निःसंशय आहे. राज्य मंत्रिमंडळाने २०२५ मध्ये दिव्यांगांचे मासिक अर्थसाहाय्य दीड हजारांवरून अडीच हजार रुपये करण्याचा निर्णय घेतला, तोही स्वागतार्ह. परंतु वाटप हे एका दिवसाचे असते आणि सराव रोजचा. तीनचाकी मिळालेली मुलगी त्या तीनचाकीवरून रोज कुठे जाणार, याचा विचार वाटपाच्या कार्यक्रमात होत नाही.

मुलीच्या वाटेतले जास्तीचे अडथळे

पुरुष खेळाडूच्या वाटेत जे अडथळे आहेत ते सर्व स्त्रीच्या वाटेत आहेतच, शिवाय आणखी काही आहेत. या खेळात पाय पट्ट्याने बांधावे लागतात. खुर्चीतून बेंचवर आणि बेंचवरून खुर्चीत जाताना अनेकींना कोणीतरी धरावे लागते. बार हातात देणारा आणि वजन अंगावर पडू नये म्हणून दोन्ही बाजूंना उभा राहणारा माणूस हवा. गावच्या व्यायामशाळेत ही माणसे बहुधा पुरुषच असतात. घरच्यांचा विरोध अनेकदा खेळाला नसतो, या परिस्थितीला असतो. स्त्री सहायक असेल, वेळ ठरलेली असेल आणि खुर्ची आत जाईल असे स्वच्छतागृह असेल, तर निम्मा विरोध न बोलता मावळतो. नसेल, तर कितीही सत्कार केले तरी मुलगी दुसऱ्या दिवशी येत नाही.

दुसरा अडथळा सोबतीचा. सरावाला जायचे तर आई किंवा भाऊ बरोबर हवा, म्हणजे त्यांची त्या दिवसाची मजुरी बुडते. खेळाडूला मिळणाऱ्या शिष्यवृत्तीची चर्चा होते, पण तिच्या सोबत्याच्या बुडालेल्या रोजंदारीची होत नाही. तालुक्याच्या ठिकाणी सराव मिळाला तर हा खर्च पेलता येतो. त्यासाठी पुणे वा गांधीनगर गाठावे लागले, तर बहुतेक कुटुंबांसाठी विषय तेथेच संपतो.

मूठभर खेळाडूंसाठी एवढा खटाटोप कशाला, असा आक्षेप यावर घेतला जाईल. तो घेणाऱ्यांनी या खेळातील हालचालीकडे जरा बारकाईने पाहावे. बिछान्यातून खुर्चीत जाणे, खुर्चीतून स्वच्छतागृहात जाणे, सतत बसून जखमा होऊ नयेत म्हणून हातांवर शरीर उचलून धरणे, कुबड्यांवर तोल सांभाळणे या साऱ्यांना लागते ती खांदे, छाती आणि दंड यांचीच ताकद. बेंच प्रेस तीच ताकद वाढवतो. दहा मुलींनी सराव केला आणि एकही राष्ट्रीय स्पर्धेपर्यंत गेली नाही, तरी दहाही जणी घरात दुसऱ्याच्या हाताशिवाय वावरू शकतील. त्या दृष्टीने क्रीडासंकुलातील हा बेंच म्हणजे पुनर्वसनाचे साधन आहे. पदक ही त्यातून पुढे निघणारी शक्यता.

करण्याजोगे

यासाठी नवी इमारत लागत नाही आणि नवा कायदाही लागत नाही. प्रमाणपत्राच्या टेबलावर खेळाविषयी एक रकाना आणि संमती देणाऱ्यांची यादी क्रीडा अधिकाऱ्याकडे जाण्याची सोय, ही पहिली गोष्ट. दोन्ही तालुक्यांच्या क्रीडासंकुलांत खुर्ची थेट पोहोचेल अशा जागी नियमाच्या मापाचा एक बेंच, पट्टे, बार आणि प्लेट्स, तसेच आठवड्यातून ठरावीक वेळी स्त्री सहायक, ही दुसरी. स्थानिक संस्थांच्या पाच टक्के निधीतून हा खर्च आणि सोबत्याचा प्रवासखर्च भागविता येतो का, हे ठरावाने तपासणे, ही तिसरी. आणि वैद्यकीय महाविद्यालयातील भौतिकोपचार करणाऱ्यांना या खेळाच्या पात्रतेची ओळख करून देणे, ही चौथी. डिसेंबर २०२३ पासून दिल्लीत खेलो इंडिया पॅरा स्पर्धा होऊ लागल्या असून २०२५ मध्ये तेथे त्या पुन्हा झाल्या. शक्तितोलन त्यात आहे. गांधीनगरला राष्ट्रीय प्रशिक्षणाची सोय आहे. म्हणजे वरचे टोक तयार होत आहे. तालुक्याचे टोक मोकळे आहे.

या बाबतीत कालगणनेचे भान ठेवणे आवश्यक आहे. सकिनाला शक्तितोलनाच्या सुरुवातीपासून पॅरालिम्पिकपर्यंत पोहोचायला अकरा वर्षे लागली. पुढील स्पर्धा २०२८ मध्ये लॉस एंजेलिसला आणि २०३२ मध्ये ब्रिस्बेनला आहेत. आज भवानीनगर वा निमगाव केतकीच्या परिसरातील एखादी मुलगी पहिल्यांदा बारला हात लावील, तर तिचा काळ २०३६ च्या आसपास येईल. त्या वर्षी कोणी पदक जिंकले तर सत्काराला मंडप उभारायला आणि बक्षिसाची रक्कम जाहीर करायला कोणी मागे राहणार नाही. परंतु ते पदक मिळणार की नाही, हे त्या मंडपात ठरणार नसून तालुक्याच्या दवाखान्यातून घरी पाठविताना तिच्या हातात औषधांच्या चिठ्ठीबरोबर क्रीडासंकुलाचा पत्ता दिला गेला की नाही, यावर ठरणार आहे.